कोल्बेंची पटकथा

राजलक्ष्मीने टेपरेकॉर्डर जवळ्याच्या सुपाशेजारी ठेवला आणि कोल्बेंचा प्रश्न मराठीत विचारला. खाडीनं तुमचं काय काय हिरावून नेलं?

जवळा निवडता निवडता धोंडूबाई हसल्या.

"आता म्हावरा कमी गावतो. निकेश माजा बेलापूरला नोकरीला हाय. बरा चाललाय त्याचा."

डीटमार कोल्बे मान तिरकी करून ऐकत होते. तीस वर्षं त्यांनी जर्मन टीव्हीसाठी पोलिसी मालिका लिहिल्या होत्या. दर आठवड्याला एक प्रेत आणि शेवटी पकडलेला खुनी. दोन चित्रपट लिहिले, दोन्ही पडले. शहाण्णव साली मालिकावाल्यांनीही नारळ दिला. आता त्यांना 'खऱ्या दुःखाचा' चित्रपट लिहायचा होता आणि ते दुःख शोधत ते खाडीकाठच्या सारसोळे गावात आले होते. हे सगळं त्यांनी नेरूळ स्टेशनपासून रिक्षात ऐकवलं होतं, नाकाला रुमाल लावून. जर्मनच्या शिकवण्या घेणाऱ्या, आज दुभाषी म्हणून आलेल्या राजलक्ष्मीला तेव्हाच त्यांची किळस आली होती. दुःख म्हणजे काय बोंबलाचा वाटा, मागितला की मिळाला?

हवं ना, मग घ्या, असं मनाशी म्हणत ती जर्मनमध्ये सांगू लागली. निकेश एका पहाटे होडी घेऊन गेला. भरतीबरोबर होडी परत आली, तो आला नाही. आई अजून रोज संध्याकाळी किनाऱ्यावर दिवा लावते. कोल्बेंचे डोळे कधी पाणावतात, याची राजलक्ष्मी वाट पाहत राहिली.

कोल्बेंनी रेकॉर्डर बंद केला.

"बाई दोन ओळी बोलल्या," ते म्हणाले, "आणि हसत बोलल्या. मुलगा बुडाल्याचं आई असं सांगत नाही."

राजलक्ष्मीने चटकन धोंडूबाईंकडे पाहिलं. त्या निवडतच होत्या.

"दिवा फार स्वस्त आहे. असला माल मी जन्मभर विकला." त्यांच्या आवाजात राग नव्हता, नवशिक्याचा कागद परत करावा तसा कंटाळा होता. "पण रिकामी होडी परत येते, हे बरं आहे. पुढे काय होतं?"

"काय बोलतोय ह्यो?" धोंडूबाईंनी विचारलं.

"चहा नको म्हणतात."

मग राजलक्ष्मी धोंडूबाईंकडे अर्धवट पाठ करून बसली.

"होडीत त्याची चप्पल होती," ती जर्मनमध्ये म्हणाली. "एकच."

कोल्बेंनी रेकॉर्डर पुन्हा सुरू केला.