सावलीने सांगितलेली दुपार

मित्रांनो, मी एक जुना शंकू आहे. आइस्क्रीमचा नव्हे! सूर्याची सावली मोजायची हातभर उंच पितळी काठी. ओताऱ्याने मला ओतले, कानशीने घासले आणि छान टोक काढले. ताठ उभे राहणे एवढेच माझे काम. सोपे वाटते ना? राहून बघा.

माझे मालक पंचांग करत. सगळे त्यांना गणितकाका म्हणत. सूर्य कधी उगवेल, तिथी कधी संपेल, हे वर्ष सुरू होण्याआधीच ते कोष्टकांवरून हाताने काढत. मग गच्चीवर येऊन माझ्या सावलीशी ताळा पाहत. "शंक्या, तू म्हणशील ते खरं," असे ते म्हणाले की मी फुशारून जाई.

पुढे काका थकले आणि दूर पश्चिमेला, लेकीच्या गावी राहायला आले. सामानात मी वाकलो. नव्या घरी माझी नेमणूक टोमॅटोच्या कुंडीत झाली. रोप माझ्या गळ्यात पडून वाढू लागले. मला फार अपमान वाटला.

नवे पंचांग छापायला जायची वेळ आली. काकांची लेक शाळेत गणित शिकवते. मुले तिला 'चिवट बाई' म्हणतात. ती आकडे तपासत होती.

"बाबा, सगळे सूर्योदय लवकरचे आलेत."

"माझे केस काय उन्हाने पांढरे झालेत?" काका उखडले.

पण दिवसाची तिथी सूर्योदयावरून ठरते. एक तिथी नेमकी काकांच्या सूर्योदयानंतर आणि खऱ्या सूर्योदयाआधी संपत होती. म्हणजे त्या दिवशी तिथीच चुकीची छापली जाणार, तीही काकांच्या नावावर. लेकीने कंबर कसली.

तिने मला कुंडीतून उपटले, ठोकून सरळ केले आणि ओळंबा, म्हणजे दोरीला टांगलेले वजन, लावून अंगणात रोवले. भोवती खडूने वर्तुळ काढले. सकाळी माझ्या सावलीचे टोक वर्तुळाला टेकले तिथे एक खूण, दुपार कलल्यावर पुन्हा टेकले तिथे दुसरी. दोन्हींच्या बरोबर मधून तिने माझ्यापर्यंत रेघ ओढली. सावली त्या रेघेवर येईल तेव्हा खरी दुपार.

दुसऱ्या दिवशी तिने काकांना खुर्चीत बसवले आणि घड्याळ त्यांच्याच हातात दिले. काकांच्या सूर्योदय-सूर्यास्ताच्या बरोबर मधली, म्हणजे त्यांच्या हिशेबाने दुपारची, वेळ झाली. माझी सावली रेघेच्या अलीकडेच! काकांचा चेहरा पडला. मला वाईट वाटले, पण मी ठरवले, आज वाकायचे नाही. सावली सावकाश सरकत गेली आणि उशिरा रेघेवर आली.

"शंकू वाकडा असेल," काका पुटपुटले.

लेकीने ओळंबा माझ्याशेजारी धरला. मी दोरीइतकाच ताठ आहे, हे काकांनी पाहिले.

"सूर्योदय कुठल्या गावचा धरला मी?"

"आपल्या जुन्या गावचा, बाबा. पश्चिमेला सूर्य उशिरा पोचतो, हे तुम्हीच शिकवलंत मला."

काकांचे डोळे भरले. "हाताला अजून कळलंच नाही गं, आपण घर सोडलंय ते."

त्यांनी डोळे पुसले. "चल, पहिल्यापासून मांडू." छापखान्याला थांबायला सांगून दोघांनी सगळे वर्ष पुन्हा काढले.

टोमॅटोला आता बांबू मिळाला आहे. मित्रांनो, घरातले जुने अवजार वाकले म्हणून टाकून देऊ नका. त्याला सरळ करा, उन्हात उभे करा आणि ते काय सांगते ते ऐका, नाही आवडले तरी.

काका रोज दुपारी माझ्याजवळ खुर्ची टाकून बसतात. परवा एका पाहुण्याने त्यांना विचारले, "काका, तुम्ही मूळचे कुठले?"

काकांनी माझ्या सावलीकडे पाहिले आणि ते म्हणाले, "आता इथलाच."