अंजनाच्या तोंडचा आवाज

"बाया डावीकडं, गडी उजवीकडं. तू कुठं जाणार, ते सांग!" सिनेमाच्या तंबूच्या दारावरच्या कोंडीबानं अंजनाचा पदर दोन बोटांत धरला, तशी रांग खिदळली.

"आवं, माझ्याशेजारी बसंल की ती," शेजारची राहीबाई म्हणाली. "शिणिमात काम केलंय तिनं!"

"मग पडद्यातच जाऊ दे!" म्हणून कोंडीबानं तिला पडद्यामागं पिटाळलं.

आईबापांनी ठेवलेलं नाव नाथाजी. सोळाव्या वर्षी यल्लम्मा देवीनं धरलं आणि लुगडं नेसून ती अंजना झाली. मिरजेकडची पाच-सात गावं तिच्या परडीत जोगवा घालत, पाया पडत, लेकरांना अंगारा लावून घेत. तंबूत बसायची वेळ आली तेव्हा मात्र याच गावांना ती बाई की गडी, याचा निकाल हवा होता.

पडद्यामागून चित्र उलटं दिसत होतं. माणसं डाव्या हातानं जेवत होती. अंजनाला त्याचं काही वाटलं नाही. सांगलीच्या घाटावर या सिनेमाचं चित्रण झालं तेव्हा कंपनीचा साहेब तिला म्हणाला होता, "बाई, तुम्ही नाचा आणि नव्या नवरीला आशीर्वाद द्या." बाई! तुम्ही! एवढ्यावर ती दिवसभर उन्हात नाचली होती.

आणि पडद्यावर ती आली. कृष्णा दुधासारखी वाहत होती. डोक्यावर देवीचा जग, मोरपिसांनी सजवलेली मूर्तीची टोपली, घेऊन ती पाण्यावरूनच चालत असावी तशी येत होती. पायांना जमीन नव्हती, अंगाला वजन नव्हतं.

"आई यल्लम्मा, ही मीच का गं?" पडद्यामागची अंजना पुटपुटली.

पडद्यावरच्या अंजनानं तोंड उघडलं. आतून रेड्यासारखा भसाडा आवाज निघाला, "ये की रं राजा, मुका दे!"

आवाज मागाहून घातलेला होता. तोंड नवरीला आशीर्वाद देत होतं आणि आवाज नवऱ्याकडं मुका मागत होता. नवरा धोतर सावरत पळाला. तंबू हसून हसून लोळला. मंगळवारी जोगवा घालून पाया पडणारेच हसत होते. हसा! देवी नाचवून घेते, ही कंपनीही नाचवून घेत होती. पण देवीनं तिचा गळा कधी कापला नव्हता.

शुक्रवारी अंजना परडी घेऊन राहीबाईच्या दारात उभी राहिली. जोगव्याची हाक फुटेना. तोंड उघडलं तर कुणाचा आवाज येईल, याची तिला धास्ती वाटत होती.

राहीबाई पिठाचं सूप घेऊन आली. "मुकी झालीस व्हय गं?"

अंजनानं नुसती परडी पुढं केली.

"आदी हाक दे. त्याबिगर मी न्हाई घालायची."

गल्लीतून कुणीतरी भसाड्या आवाजात ओरडलं, "ये की रं राजा!" कट्ट्यावरचे गडी फिदीफिदी हसले.

राहीबाईनं तिकडं पाहिलंसुद्धा नाही. डोक्यावर पदर घेतला, सूप पुढं केलं आणि उभी राहिली. अंजनानं तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. सूप धरून धरून राहीबाईचे हात भरून आले, पण तिनं ते खाली ठेवलं नाही.