हौगांगमधला शेवटचा टेक

"शिरीषसर, तुम्हीच जाऊन सांगता का त्यांना? मला नाही हो जमणार," शूटिंगचं सिंगापूरमधलं काम बघणारी क्षिप्रा रडकुंडीला येऊन म्हणाली.

पलीकडच्या इमारतीखालच्या मोकळ्या जागेत सकाळीच मांडव घातला होता. वरच्या मजल्यावरची म्हातारी वारली होती. भिक्खूंचं पठण लाउडस्पीकरवरून चाललं होतं आणि ते तीन दिवस चालणार होतं. इकडे नायिकेचं संध्याकाळचं विमान. तिचा एकच प्रसंग उरला होता आणि तोही कुजबुजत बोलायचा.

शिरीष गद्रे जन्माने इंग्लंडमधल्या लेस्टरचा, घरातल्या मराठीने पुण्याचा आणि पेशाने प्रॉडक्शन मॅनेजर. म्हणजे सगळं सुरळीत झालं तर ज्याला कोणी ओळखत नाही आणि बिघडलं तर ज्याला सगळे शोधतात, तो माणूस. एकतीस वर्षं त्याचं नाव पडद्यावर येत होतं, पण लोक चहाचं आधण ठेवायला उठल्यावर. हौगांग वस्तीवरून जाणारी विमानं, शाळेची घंटा, कचऱ्याची गाडी, सगळ्यांच्या वेळा त्याने टिपून ठेवल्या होत्या. मरणाची कुठून टिपणार? आजचा प्रसंग हुकला तर पुढच्या मालिकेला दुसरा माणूस घेऊ, असं लंडनच्या ऑफिसातून त्याला स्वच्छ कळवलं होतं. अठ्ठावन्नाव्या वर्षी कोण काम देणार? तो मांडवात शिरला.

त्याने तोंड उघडायच्या आत कोणीतरी खुर्ची दिली, पुढ्यात शेंगदाणे ठेवले. हा भेटायलाच आलाय, असं त्यांना वाटलं. आता विनंती कोणत्या तोंडाने करायची? तो शेंगदाणे सोलत बसला.

म्हातारीचा मुलगा, मिस्टर क्वेक, शेजारी येऊन बसला. "तुम्ही शूटिंगवाले ना?" तो इंग्रजीत म्हणाला. "आई चार दिवस खिडकीतून तुम्हालाच बघत होती. म्हणायची, हा माणूस बसतच नाही. याला कोणी जेवायला तरी घालतं का?"

शिरीषला भरून आलं. इतक्या वर्षांत त्याच्याकडे असं कोणी बघितलं नव्हतं. मग त्याने अडखळत सगळं सांगून टाकलं.

क्वेकने घड्याळ पाहिलं. "टेन मिनिट्स? कॅन, लाह," म्हणत त्याने होकारार्थी मान हलवली.

पठण थांबलं. मांडवातली माणसं हात मांडीवर ठेवून बसली. एका बाईला हुंदका आला, तसा तिने रुमाल तोंडात कोंबला. ते पाहून शिरीषला स्वतःची लाज वाटली.

"टेक छान झाला!" वॉकीटॉकीवर दिग्दर्शकाचा आवाज आला. "सेफ्टीसाठी अजून एक घेऊ."

दहातली चार मिनिटं शिल्लक होती. त्या बाईचे खांदे हलत होते.

"नाही. इथलं शूटिंग संपलं," शिरीष म्हणाला.

"वेड लागलंय का तुला? मी लंडनला कळवेन!"

"कळव."

त्याने वॉकीटॉकी बंद केली आणि क्वेकला विचारलं, "उदबत्ती लावू का मी?"

पठण पुन्हा सुरू झालं तेव्हा तो म्हातारीच्या फोटोसमोर उभा होता. तिचा चेहरा तो पहिल्यांदाच बघत होता.