ताठ बांधलेलं जाळं

मित्रांनो, मी एक जुनं मासेमारीचं जाळं आहे. नाक मुरडू नका, वास येतो हे मलाही ठाऊक आहे!

बपेरा गावच्या रेवताबाईंनी मला जाड नायलॉनच्या सुतानं विणलं. त्यांचे यजमान धनीराम मला गावच्या तलावाच्या सांडव्यावर, जादा पाणी वाहून जातं तिथं, आडवं बांधत. पाण्याला फार ओढ असे आणि मासे धडका देत, म्हणून मला दोन्हीकडून ताठ ओढून बांधायची रीत होती. सैल राहिलं तर मासळी खालून पसार. काय थाट होता माझा तेव्हा!

मग हे कुटुंब पोटासाठी भंडाऱ्याला आलं. धनीराम बाजारात मासळी विकू लागले, मुलगा प्रीतम गॅरेजात लागला आणि मी पोत्यात गेलो. उंदरांनी मला कुरतडलं. फार वाईट वाटायचं.

अशात शहरात बाहेरून कामाला आलेल्यांची फुटबॉल स्पर्धा ठरली. राइस मिलवरचे झारखंडी, बालाघाटचे गवंडी, बपेऱ्याची पोरं, सगळे उतरले. गेल्या वर्षी गोलला जाळी नव्हती. चेंडू खांबाच्या आतून गेला की बाहेरून, यावरून डोकी फुटली होती. "यंदा भांडण झालं तर पुन्हा स्पर्धा नाही," असं पंच भय्याजींनी बजावलं होतं.

"माह्या घरी हाय ना जाळं," धनीराम म्हणाले. रेवताबाईंनी माझी भोकं शिवली. धनीरामांनी मला खांबांना बांधलं, अगदी ताठ, सांडव्यावर बांधत तसंच.

बपेरा आणि झारखंड यांचा उपांत्य सामना होता. जिंकेल तो अंतिम सामन्यात जाणार होता. प्रीतम गोलकीपर, माझ्या पुढ्यातच उभा. सामना संपत आला तरी गोल नव्हता. तेवढ्यात झारखंडच्या सुकरानं फटका मारला. चेंडू प्रीतमच्या हाताखालून माझ्यावर आदळला आणि मी इतकं ताणलेलं, की तो उसळून थेट मैदानात परत गेला. भय्याजी लांब होते. त्यांना वाटलं, खांबाला लागला. त्यांनी खेळ चालू ठेवला.

"गोल था! जाली को लगा!" सुकरा धावत आला.

"खांबाले लागला!" बपेऱ्याची पोरं ओरडली. कॉलरी धरल्या गेल्या. कडेला कुणीतरी दगड उचलला. मला बोलता आलं असतं तर!

"प्रीतम, तू सांग," भय्याजी म्हणाले. प्रीतमनं मान खाली घातली.

माझ्या मागे उभ्या धनीरामांनी सगळं पाहिलं होतं. त्यांनी मुलाकडे पाहिलं, मग पुढे येऊन चेंडू उचलला आणि माझ्यावर फेकला. तो उसळून त्यांच्याच हाती परत आला.

"जाळ्यालेच लागला होता, भाऊ. सांडव्यावानी ताठ बांधलं, मीच चुकलो. गोल हाय."

"बाबा, तू कोनाकडून हायेस?" प्रीतमचा आवाज फाटला.

"खेळले तर ते बी, बेटा. अन् आपन बी इथं बाहेरचेच आहो ना."

भय्याजींनी गोलची शिटी वाजवली. दगड उचललेल्या माणसानं तो हळूच खाली टाकला. बपेरा हरलं.

अंतिम सामन्याच्या सकाळी प्रीतम एकटाच माझ्याकडे आला. बापाशी तो बोलत नव्हता. आता हा मला फाडणार, असं मला वाटलं. पण त्यानं माझ्या वरच्या गाठी सोडल्या. मागून धनीराम आले आणि त्यांनी दुसरं टोक धरलं.

"सैल धर, बाबा," प्रीतम म्हणाला. "आता चेंडू वापस नाही येनार."

दुपारी सुकराचा पहिलाच चेंडू माझ्या पोटात येऊन थांबला. "गोल!" असं सगळ्यांत आधी प्रीतम ओरडला.

मित्रांनो, पोत्यात पडलेल्या आमच्यासारख्यांना अधूनमधून ऊन दाखवा, आमची भोकं शिवा. नव्या कामाला लावाल तेव्हा त्या कामाप्रमाणे बांधा. आणि एवढं करा, आमच्यात काय आलं ते खरं सांगा. आम्हाला तोंड नाही.