घोरपडीची दोरी

कसबा पेठेतल्या त्या हॉलमध्ये दर महिन्याच्या शेवटच्या रविवारी सकाळी पन्नासेक माणसं जमत आणि 'घोरपडीचा सूड' हा एकच भिकार सिनेमा पुन्हा पुन्हा पाहत. सासरच्यांनी मारलेली सून घोरपड होऊन परत येते, एवढीच गोष्ट. घोरपड रबरी होती आणि तिला ओढणारी दोरी पडद्यावर चक्क दिसायची. ती दिसली की सगळ्यांनी मिळून 'दोरी!' असं ओरडायचं, हा तिथला रिवाज.

वैजनाथ चार वर्षं एकही रविवार न चुकवता हिंजवडीहून दोन बस बदलून येत होता. सिनेमा त्याला तोंडपाठ होता. तरी तिथे त्याला कुणी नावानं ओळखत नव्हतं. 'ते हिंजवडीवाले' म्हणायचे, तेही खुर्च्या उचलायच्या असल्या तरच. हे त्याला फार लागायचं. एकदा तरी कुणी नावानं हाक मारावी, पुढच्या रांगेत बोलवावं, एवढंच त्याला हवं होतं.

म्हणून या गृहस्थानं काय करावं? सहा महिने, रोज ऑफिसातून आल्यावर, एकेका फ्रेममधली ती दोरी पुसून काढली. मंडळाचे म्होरके श्रीनिवास यांच्या हातात पेन ड्राइव्ह दिला आणि 'स्वच्छ कॉपी आहे' एवढंच सांगितलं. बाकीचं सगळ्यांना एकदमच कळू दे, म्हणून.

त्या रविवारी तीच कॉपी लावली आणि दोरी दिसण्याची जागा आली. पन्नास जणांनी श्वास भरून घेतला. घोरपड दारातून आत आली, सरपटत सासऱ्याच्या पायापर्यंत गेली, आणि दोरी काही दिसली नाही. लोक एकमेकांकडे बघू लागले. वैजनाथला मात्र घोरपडीची पहिल्यांदाच खरी भीती वाटली.

श्रीनिवासनी सिनेमा थांबवून दिवे लावले. "हा उद्योग कुणाचा?"

वैजनाथ उभा राहिला. टाळ्या पडतील, असं त्याला अजूनही वाटत होतं. "माझा. वैजनाथ गिते."

"अहो गिते, आपण फारच कष्ट घेतलेत. कुणी सांगितलं होतं?"

"वाईट दिसत होतं, म्हणून..."

"वाईट बघायलाच येतो आम्ही. आपण चार वर्षं काय बघत होतात?"

"सिनेमा," वैजनाथ म्हणाला.

पुढच्या रांगेतल्या सुनीतीबाई वळून त्याच्याकडे बघत राहिल्या. "अगंबाई, यांना आवडतो हो हा. खरोखर आवडतो." मग जे हसणं सुरू झालं ते थांबेना. वैजनाथच्या कानशिलांतून आग निघत होती, पण त्याच्यानं दारापर्यंतही जाववेना.

पुढच्या महिन्यात जुनी कॉपी लावली. वैजनाथ शेवटच्या खुर्चीवर येऊन बसला होता. दुसरीकडे जाणार कुठे? घोरपड आली, दोरी दिसली, आणि पन्नासच्या पन्नास जण एका आवाजात ओरडले, "वैजनाथ!"

खुर्च्यांवर हात आपटत लोक हसत होते. श्रीनिवासनी मागे वळून हात केला. "या, असे पुढे बसा. आता आपल्याशिवाय मजा नाही."

त्या सगळ्यांचा वैजनाथला मनस्वी संताप आला. तरी तो उठला आणि पुढच्या रांगेत जाऊन बसला.