आईच्या हातचे डंपलिंग

तिचं माहेर जपानी, सासर पोलिश, आणि नवरा स्वतःला सोडून कुणाचाच नव्हता. हे तिचं त्या आठवड्यातलं मत. एरवी माणूस बरा होता. पण घराच्या खिडकीतून विकता विकता थाटलेल्या नव्या दुकानाच्या पाटीवर 'आईच्या हातचे डंपलिंग' असं लिहायला त्याने पेंटरला सांगितलं आणि तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

त्याच्या आईचा हात त्या डंपलिंगला बटाटे सोलण्यापुरताच लागायचा. बाकी सगळं हिचं. सासरचा बटाटा आणि पिळून कोरडा केलेला आंबवलेला कोबी, त्यात माहेरचा मिसो, म्हणजे सोयाबीन आंबवून केलेलं खारट वाटण, आणि किसलेलं आलं. पारी माहेरसारखी, उजेडात धरली तर पलीकडची बोटं दिसतील इतकी पातळ. एका बाजूला चुण्या घालून मिटायचं, लोण्यावर बुडं खरपूस करायची, मग पाण्याचा हबका मारून वर झाकण. सोबत आंबट सायीत कालवलेला सोया सॉस. हे जमेपर्यंत किती घाणे कचऱ्यात गेले ते तिलाच ठाऊक. सारणाला पाणी सुटायचं, पारी फाटायची, आणि नवरा दारातून विचारायचा, झालं का? आयत्या पिठावर रेघोट्या ओढायला अक्कल लागत नाही, नुसती पुढची, गल्ल्यावरची खुर्ची लागते.

भांडायचं नाही असं ठरवून तिने त्याला विचारलं, म्हणजे भांडण होणारच होतं. तो म्हणाला, आई म्हटलं की गिऱ्हाइकाचा विश्वास बसतो.

"बायकोच्या हातचे, असं कुणी लिहितं का कुठे?" आणि वर हसला.

हसला नसता तर तिने कदाचित सोडून दिलं असतं. तिला सासूबाईंचाही राग आला. त्या शेजारीच बटाटे सोलत, मूग गिळून बसल्या होत्या. गिऱ्हाइकं आत डोकावून "आजी, काय चव आहे हो" म्हणायची, तेव्हाही त्या नुसत्या हसायच्या. अहो, हे सून करते, असं एकदाही त्यांच्या तोंडून निघालं नाही. ठीक आहे, तिने मनात म्हटलं. आईच्या हातचे हवेत ना? देते.

दुकान उघडायच्या आधी नेहमीच्या गिऱ्हाइकांना चव घ्यायला बोलावलं होतं. त्या सकाळी तिने सासूबाईंना विश्रांती घ्या म्हणून घरी ठेवलं आणि मिसोच्या बरणीला हातही लावला नाही. लग्न होऊन आली तेव्हा सासूबाईंनी शिकवले होते तस्सेच केले. जाड पारी, उकडलेला बटाटा, ताजं चीज, चिमूटभर मीठ, काट्याने दाबलेल्या कडा, आणि नुसत्या पाण्यात उकळलेले. काडीची कसूर केली नाही. मुद्दाम वाईट करणं तिला जमलंही नसतं, आणि त्याची गरजही नव्हती.

लोक आले. नवऱ्याने आईला घरून आणून पुढच्या खुर्चीत बसवलं आणि तिच्या हाताचे गोडवे गायला सुरुवात केली. पेंटर बाहेर शिडीवर होता. ताटल्या फिरल्या. पहिला घास सगळ्यांनी हसत घेतला, दुसरा जपून. कुणीतरी सोया सॉस मागितला. कोपऱ्यावरच्या शिंप्याने अर्धा तुकडा काठाला सरकवला आणि आज हात जरा वेगळा वाटतोय म्हणाला. नवऱ्याचा चेहरा पडला. भोग आता, ती मनात म्हणाली, आणि तिला फार बरं वाटलं.

मग तिचं लक्ष सासूबाईंकडे गेलं. एक घास खाऊन त्या ताटलीकडे बघत बसल्या होत्या.

"हे माझे आहेत," त्या म्हणाल्या.

 सुनेने नेम मुलावर धरला होता आणि लागला होता म्हातारीला. आयुष्यात पहिल्यांदाच कुणी त्यांचा हात वाखाणत होतं, म्हणून त्या इतके दिवस गप्प होत्या. एवढी साधी गोष्ट तिला कळली नव्हती. तिला स्वतःचीच चीड आली. तिने ताटली उचलायला हात पुढे केला.

"आई, चुकलं माझं. राग तुमच्यावर नव्हता."

"असायला हवा होता. दुसरीचं कौतुक मी गोड मानून घेतलं." सासूबाईंनी ताटली सोडली नाही. त्या मुलाकडे वळल्या, आणि तो आवाज आजवर कुणी ऐकला नव्हता. "लहानपणी हेच ताटात टाकून उठायचास तू. तुझे बाबाही उठायचे. चांगले झालेत, असं एकदाही म्हणाला नाहीत दोघं. तेव्हा माझा हात चालला नाही, आणि आता दुकान चालवायला माझा हात हवा?"

तो लोकांकडे बघून ओशाळं हसला. "आई, लोक बसलेत."

"बसू देत. तूही बस."

त्यांनी आपली खुर्ची त्याला दिली आणि गार होऊन एकमेकांना चिकटलेले ते डंपलिंग त्याच्यासमोर ठेवले. पेंटरने दारातून भीतभीत विचारलं, पाटीवर काय लिहू. सूनबाई सांगेल ते लिही, त्या म्हणाल्या, पण आधी याचं खाऊन होऊ दे.

नवरा खायला लागला. जाड कडा चावता चावत नव्हत्या आणि सगळं दुकान बघत होतं. सासूबाई त्याच्यासमोर उभ्या होत्या, त्यांच्या शेजारी सून. दोन घास गेल्यावर त्याला ठसका लागला, आणि दोघींपैकी कुणीही पाणी पुढे केलं नाही.