चोथा

हात.
कारखान्यात मेंढ्यांची आतडी धुवायचं काम त्याचं. नळाच्या तोंडावर आतडं चढवायचं, पाणी सोडायचं, श्वास रोखून धरायचा. हिरवा, आंबलेला, दोऱ्यादोऱ्यांचा लगदा पचकन बाहेर पडायचा. धुतलेल्या आतड्यांत मग खिमा भरून सॉसेज बनवत.

तोंड.
म्हणून तो हिरवं खात नसे. पालेभाजी दिसली की मळमळायचं. पांढरा पाव आणि सॉसेज. सकाळी तेच, रात्री तेच.
"अरे, थोडा चोथा जाऊ दे पोटात," थोरली बहीण म्हणे.
"त्याचं पुढे काय होतं ते मी रोज धुतो, ताई. चोथा गुरांनी खावा."
"आणि तू कोण मोठा वाघ लागून गेलास?"

मग संडासात रक्त.
मूळव्याध, म्हणाला. महिनाभर तेच म्हणत राहिला. एकदा पाणी ओतायचं राहिलं, ताईने पाहिलं, आणि बखोट धरून दवाखान्यात नेलं.

पडदा.
तपासणीचा आदला दिवस जुलाबाचं औषध पिण्यात आणि बसण्यात गेला. आता कॅमेऱ्याची नळी आत, चित्र समोर. ओला, गुलाबी, वळ्यावळ्यांचा बोगदा. ओळखीचा. आणि मध्येच अळंबीसारखी लालभडक, चिकट गाठ.
"ई! ही माझी?"
"मग काय माझी?" डॉक्टरीणबाईंनी तारेचा फास टाकून ती कापली. "अशी गाठ वाढत गेली तर कर्करोग होऊ शकतो. हिच्यात काय आहे ते तपासणीत कळेल."
"सॉसेजमुळे?"
"सगळं खापर त्याच्यावर नाही फोडता येणार. पण त्याने धोका वाढतो, चोथ्याने कमी होतो."
"चोथा आत सडतो हो! मी बघतो ना."
"सडत नाही. आतले जंतू तो खातात, त्यातून आतड्याच्या अस्तराला पोषण मिळतं. तुमचे जंतू उपाशी आहेत."
आपल्या आत उपाशी जंतू. त्याने पडद्यावरून नजर वळवली.

ताट.
अहवाल अजून यायचा होता. ताईने मसूर, कोंड्याचा पाव आणि पालेभाजी वाढली. पहिल्याच घासाला दातांत दोरे अडकले. तो धावत बेसिनपाशी गेला, थुंकला, परत येऊन बसला.
"ताई, अहवाल वाईट आला तर?"
"तर तेव्हा रडू. आत्ता गिळ."
त्याने डोळे मिटले आणि गिळलं. मिटल्या डोळ्यांना त्या घासाची पुढची सगळी वाट दिसत होती.
त्याने दुसरा घास घेतला.